सेवा मान्य, अधिकार अमान्य

यवतमाळहून नागपूरकडे जाणाऱ्या रस्त्यावर कळंब हे तालुक्याचे गाव आहे. जमिनीच्या पातळीखाली पायऱ्या उतरून जावे लागणाऱ्या चिंतामणीच्या देवळासाठी ते विदर्भभर प्रसिद्ध आहे. भोवतालचा मुलूख मात्र ओळखला जातो तो कापसासाठी. या मुलखात शेतीतील श्रमांची वाटणी पिढ्यान् पिढ्या ठरून गेलेली आहे. नांगरणी, वखरणी, डवरणी ही पुरुषांची कामे. सरकी लावणे, निंदण आणि वेचणी ही स्त्रियांची. पऱ्हाटी फुटू लागली की कमरेला ओटी बांधून ओळीओळीने बोंडे वेचणारे हात जवळजवळ सर्वस्वी स्त्रियांचेच असतात. असे असूनही ‘कास्तकार’ म्हटले की डोळ्यांपुढे उभा राहतो तो पुरुष, आणि सातबाऱ्याचा उतारा काढला तर त्यावरही बहुधा त्याचेच नाव आढळते. पीककर्ज, पीकविमा, नुकसानभरपाई या साऱ्या गोष्टी त्या नावामागून चालत असल्यामुळे नाव नसलेली व्यक्ती कितीही राबली तरी कागदोपत्री ती शेतकरी ठरत नाही. घरचा कर्ता पुरुष अचानक गेला म्हणजे या वस्तुस्थितीचा खरा अर्थ त्या घराला कळतो.

श्रम एकाचे आणि अधिकार दुसऱ्याचा, ही फारकत केवळ शेतीपुरती मर्यादित आहे असे समजण्याचे कारण नाही. ज्या संस्था स्वतःला अर्थव्यवहाराच्या वर मानतात, त्या धर्मसंस्थांमध्येही ती तितकीच दृढमूल आहे. किंबहुना तेथे तिला पावित्र्याचे कवच लाभलेले असते. ही फारकत मोडण्यासाठी स्कॉटलंडच्या प्रेस्बिटेरियन चर्चमध्ये काही स्त्रियांनी दिलेला लढा या दृष्टीने अभ्यासण्याजोगा आहे. हा लढा दूर देशीचा असला तरी त्याचे काही धागे पुण्या-मुंबईत विणले गेले आहेत, आणि त्याने शेवटी जो प्रश्न उभा केला तो कळंबच्या शेतापर्यंत येऊन पोहोचतो.

पंचायतीसारखे चर्च

‘प्रेस्बिटेरियन’ या शब्दाच्या मुळाशी ‘वडील’ अथवा ‘ज्येष्ठ’ या अर्थाचा ग्रीक शब्द आहे. १५६० मध्ये स्कॉटलंडमध्ये धर्मसुधारणा झाली. तिच्यातून जे चर्च आकाराला आले, त्याने पुढे बिशपची सत्ता नाकारून कारभार निवडलेल्या वडीलजनांच्या सभांकडे सोपविला. स्थानिक मंडळीची सभा, तिच्यावर विभागाची सभा आणि सर्वांच्या वर दरवर्षी मे महिन्यात भरणारी महासभा, अशी ही उतरंड आहे. ग्रामपंचायत, पंचायत समिती आणि जिल्हा परिषद यांच्याशी परिचित असलेल्या मराठी वाचकास तिची कल्पना येण्यास अडचण पडू नये. प्रत्येक मंडळीचा एक दीक्षित पाळक असतो. वचनाचा उपदेश करणे आणि संस्कार देणे, म्हणजे बाप्तिस्मा करणे व प्रभुभोजनाचा विधी चालविणे, ही त्याची दोन मुख्य कर्तव्ये होत. या चर्चच्या मूळ सिद्धांतानुसार ही दोन्ही कर्तव्ये एकाच सेवेची अंगे असून ती एकमेकांपासून वेगळी करता येत नाहीत. पुढील सर्व वाद या एका मुद्द्याभोवती फिरला.

महाराष्ट्राला हे चर्च परके नाही. डॉ. जॉन विल्सन १८२९ मध्ये मुंबईत आले आणि त्यांच्या शैक्षणिक कार्यातून आजचे विल्सन कॉलेज उभे राहिले. स्टीफन हिस्लॉप १८४५ मध्ये नागपुरात आले. त्यांच्या नावाचे महाविद्यालय १८८३ पासून चालू आहे. कोल्हापूर, सांगली आणि मिरज या भागांत अमेरिकन प्रेस्बिटेरियनांनी शाळा व रुग्णालये काढली. या इतिहासात पुरुषांची नावे इमारतींवर कोरली गेली. स्त्रियांची नावे मात्र ग्रंथांच्या तळटीपांत राहिली. मुंबईत मुलींच्या शाळा काढणाऱ्या मार्गारेट विल्सन यांचा १८३५ मध्ये मुंबईतच अंत झाला. पतीच्या मानाने त्यांचे नाव आज फार थोड्यांना ठाऊक आहे. घरोघरी जाऊन बायकांना वाचावयास शिकविणाऱ्या, आजाऱ्यांची विचारपूस करणाऱ्या मराठी ‘बायबल-बायां’ची नावे तर त्याहूनही कमी लोकांना माहीत असतील. अंतःपुरात पुरुष उपदेशकाला प्रवेश नव्हता, म्हणून स्त्रियांची गरज पडली; परंतु गरज पडली म्हणून पद मिळाले, असे झाले नाही.

पुण्याहून एडिंबरोस

ॲनी हंटर स्मॉल ही या परंपरेतील एक महत्त्वाची स्त्री. १८५७ मध्ये जन्मलेल्या ॲनी स्मॉल यांचे वडीलही हिंदुस्थानात मिशनरी होते. १८७६ मध्ये, वयाच्या अवघ्या एकोणिसाव्या वर्षी, त्या पुण्यात कामाला लागल्या आणि प्रकृतीने साथ सोडीपर्यंत, म्हणजे १८९२ पर्यंत, येथे राहिल्या. येथील धर्मांकडे त्यांनी तुच्छतेने पाहिले नाही. ज्या समाजात काम करावयाचे त्याची भाषा, संगीत आणि श्रद्धा यांचा अभ्यास केल्यावाचून बोलण्याचा अधिकार प्राप्त होत नाही, ही त्यांची धारणा पुण्यातील सोळा वर्षांत पक्की झाली. मायदेशी परतल्यावर १८९४ मध्ये एडिंबरो येथे मिशनकार्यासाठी स्त्रियांना शिक्षण देणारी संस्था सुरू झाली. तिच्या पहिल्या प्राचार्या म्हणून त्यांनी १९१३ पर्यंत काम केले. ही संस्था पुढे ‘सेंट कोम्स’ या नावाने ओळखली जाऊ लागली.

या घटनेतील अर्थ बारकाईने पाहण्यासारखा आहे. चर्चला स्त्रियांचे श्रम हवे होते. ते अधिक कुशल व्हावेत म्हणून त्याने त्यांच्या शिक्षणाची सोय केली. परंतु शिक्षण ही अशी गोष्ट आहे की जी देणाऱ्याने आखलेल्या रेषेपाशी थांबत नाही. बायबल, धर्मशास्त्र आणि चर्चचा इतिहास जाणणाऱ्या स्त्रिया तयार झाल्या की हेच ज्ञान असलेल्या पुरुषाला पाळकपद आणि आपल्याला सेविकापद का, हा प्रश्न त्यांच्या मनात उद्भवणे अपरिहार्य होते.

त्याच संस्थेच्या उपप्राचार्या राहिलेल्या एलिझाबेथ ह्यूएट यांच्या जीवनात हा प्रश्न मूर्तिमंत झाला. १८९५ मध्ये एका पाळकाच्या घरी जन्मलेल्या ह्यूएट यांनी १९२६ मध्ये एडिंबरोच्या न्यू कॉलेजमधून धर्मशास्त्राची पदवी घेतली. त्या महाविद्यालयातून ही पदवी मिळविणाऱ्या त्या पहिल्या स्त्री होत. पुढे चीनमध्ये काही काळ काम करून त्या मुंबईत विल्सन कॉलेजमध्ये इतिहासाच्या प्राध्यापिका झाल्या आणि १९५० नंतरच्या दशकापर्यंत त्यांनी तेथे अध्यापन केले. परदेशातील स्कॉटिश मिशनकार्याचा इतिहास त्यांनी लिहिला आणि तो १९६० मध्ये प्रसिद्ध झाला. पुरुषाने हीच पदवी घेतली तर व्यासपीठाचे दार उघडत असे. ह्यूएट यांना वर्गाचे दार उघडले, व्यासपीठाचे मात्र बंदच राहिले. मुंबई विद्यापीठाच्या विद्यार्थ्यांना इतिहास शिकविण्यास पात्र असलेली, डॉक्टरेट मिळविलेली ही विदुषी लहानशा खेड्यातील मंडळीत एका बालकाचा बाप्तिस्मा करण्यास अपात्र होती. स्त्रियांना समान स्थान मिळावे म्हणून त्यांनी स्वदेशात सातत्याने आग्रह धरला, तो या अनुभवाच्या पार्श्वभूमीवर.

चर्चसमोर हा प्रश्न नव्याने येत होता असेही नाही. १९३१ मध्ये लेडी ॲबर्डीन यांच्या पुढाकाराने अनेक स्त्रियांनी महासभेपुढे विनंतीअर्ज ठेवला होता. १९३५ मध्ये युनायटेड फ्री चर्च या त्याच परंपरेतील लहान चर्चने एलिझाबेथ बार यांना पाळकपदाची दीक्षा दिली, आणि त्यामुळे कोणताही प्रलय ओढवला नाही. तथापि मोठ्या चर्चला निर्णय घेण्यास आणखी तेहतीस वर्षे लागली.

एका अर्जाची कहाणी

हा निर्णय ज्यांच्यामुळे अटळ झाला त्या मेरी लस्क, विवाहानंतरच्या मेरी लेव्हिसन, होत. त्यांचा जन्म १९२३ मध्ये ऑक्सफर्ड येथे झाला. तेथेच त्यांनी तत्त्वज्ञान, राज्यशास्त्र आणि अर्थशास्त्र या विषयांची पदवी घेतली व नंतर एडिंबरो येथे धर्मशास्त्राचा अभ्यास केला. १९५४ मध्ये त्या ‘डीकनेस’, म्हणजे सेविका, झाल्या. मंडळीतील घरांना भेटी देणे, मुलांना व तरुणांना शिकविणे, उपासना चालविणे ही त्यांची कामे होती. पुढे त्यांना प्रवचनाचा परवानाही मिळाला. त्यांनी सेंट कोम्समध्ये अध्यापन केले, आणि १९६१ पासून एडिंबरो विद्यापीठात सहायक धर्मोपदेशक म्हणून त्या काम करू लागल्या.

म्हणजे चर्चने या स्त्रीवर टप्प्याटप्प्याने सर्व कामे सोपविली होती. फक्त संस्कार देण्याचा अधिकार तेवढा राखून ठेवला होता. ज्या विद्यार्थ्यांशी त्या वर्षभर बोलत, ज्यांच्या शंकांचे निरसन करीत, त्यांच्यासाठी प्रभुभोजनाचा विधी करावयाचा झाला की दुसऱ्या कोणा पुरुष पाळकाला पाचारण करावे लागे. ही व्यवस्था अनेक वर्षे कोणालाही विचित्र वाटली नाही. सवयीचा अन्याय हा अन्याय म्हणून दिसत नाही, तो ‘पद्धत’ म्हणून दिसतो.

मे १९६३ मध्ये मेरी लस्क यांनी महासभेपुढे विनंतीअर्ज सादर केला आणि आपली बाजू स्वतः उभे राहून मांडली. स्त्रीजातीवरील अन्यायाची सर्वसाधारण तक्रार करण्याऐवजी त्यांनी चर्चलाच त्याच्या सिद्धांताची आठवण करून दिली. उपदेश आणि संस्कार ही एकाच सेवेची अंगे आहेत असे चर्च म्हणते. मग एका स्त्रीला उपदेशासाठी योग्य ठरवून संस्कारांसाठी अयोग्य ठरविणे त्या सिद्धांतात बसते काय, असा त्यांच्या म्हणण्याचा आशय होता. या युक्तिवादाची ताकद अशी की त्याला नकार द्यावयाचा तर चर्चला स्वतःचाच एखादा निर्णय चुकीचा म्हणावा लागला असता. एकतर तिला प्रवचनाची अनुमती देण्यात चूक झाली असे म्हणावयाचे, नाहीतर उरलेला अधिकारही द्यावयाचा. तिसरा मार्ग शिल्लक उरत नव्हता.

महासभेने अर्ज फेटाळला नाही. तसाच तो मान्यही केला नाही. सिद्धांतविषयक समितीकडे तो विचारार्थ सोपविण्यात आला. मोठ्या निर्णयासाठी केवळ महासभेचे मत पुरत नाही. १६९७ पासून चालत आलेल्या एका नियमानुसार विभागीय सभांपैकी बहुसंख्यांची संमती घ्यावी लागते. आपल्याकडील घटनादुरुस्तीच्या काही प्रकारांत राज्यांची संमती लागते, त्यासारखाच हा प्रकार आहे. या संथ वाटेने १९६६ मध्ये स्त्रियांना वडीलपद खुले झाले आणि मे १९६८ मध्ये पाळकपदही खुले झाले. १९६९ मध्ये ॲबर्डीनच्या विभागीय सभेने कॅथरिन मॅककॉनची यांना दीक्षा दिली. चर्च ऑफ स्कॉटलंडच्या त्या पहिल्या स्त्री पाळक ठरल्या.

ज्यांच्या अर्जाने दार उघडले त्या मेरी लेव्हिसन मात्र त्या दारातून लगेच आत गेल्या नाहीत. १९६५ मध्ये एका पाळकाशी त्यांचा विवाह झाला होता. त्यांची स्वतःची दीक्षा झाली ती १९७८ मध्ये, म्हणजे कायदा बदलल्यानंतर दहा वर्षांनी; त्या वेळी त्यांचे वय पंचावन्न होते. एडिंबरोच्या एका मंडळीत सहायक पाळक म्हणून काम करताना शहरातील मुख्य बाजाररस्त्यावरील दुकानांत काम करणाऱ्या नोकरवर्गाची विचारपूस करण्याची जबाबदारी त्यांच्याकडे होती. दिवसभर उभे राहून गिऱ्हाइकांशी हसून बोलणाऱ्या विक्रेत्या मुलींच्या सुखदुःखात सहभागी होणे, हे काम त्यांनी कमी प्रतीचे मानले नाही. १९९१ मध्ये स्कॉटलंडमध्ये राणीच्या धर्मोपदेशकांत त्यांची नेमणूक झाली. हा मान मिळविणाऱ्या त्या पहिल्या स्त्री होत. पुढच्या वर्षी त्यांचे आत्मकथन प्रसिद्ध झाले. २०११ मध्ये त्यांचे निधन झाले. त्यापूर्वी २००४ मध्ये ॲलिसन एलियट या वडीलपदावरील स्त्रीची आणि २००७ मध्ये शीला केस्टिंग या स्त्री पाळकाची महासभेच्या अध्यक्षपदी निवड झालेली होती. अर्जापासून अध्यक्षपदापर्यंतचे हे अंतर चार दशकांहून अधिक आहे.

मान आणि पद

या साऱ्याला एक आक्षेप घेतला जातो आणि तो सहज झटकून टाकण्यासारखा नाही. आध्यात्मिक श्रेष्ठत्वाला पदाची गरज काय, असे विचारले जाते. महाराष्ट्राने मुक्ताबाईला, जनाबाईला, बहिणाबाईला मानले; त्यांना कोणी दीक्षापत्र दिले होते? लक्ष्मीबाई टिळकांनी ‘स्मृतिचित्रे’ लिहून मराठी मनात जे स्थान मिळविले, ते कोणत्या धर्मपदामुळे? मग सेवेचे मोल पदाच्या मापाने मोजणे हा व्यवहारी जगाचा हिशेब धर्मक्षेत्रात घुसविण्याचा प्रकार नव्हे काय?

आक्षेपाचा पूर्वार्ध खरा आहे. त्यातून काढलेला निष्कर्ष मात्र खरा नाही. मान हा व्यक्तीला मिळतो आणि तिच्याबरोबर संपतो. अधिकार हा पदाला असतो आणि तो पुढच्या व्यक्तीकडे जातो. मुक्ताबाईंनी चांगदेवांना उपदेश केला म्हणून त्यानंतरच्या सातशे वर्षांत कोणत्याही सामान्य स्त्रीला उपदेशाचा हक्क प्राप्त झाला नाही. असामान्य स्त्रीला अपवाद म्हणून पूजणे आणि सामान्य स्त्रीला नियम म्हणून वगळणे, या दोन्ही गोष्टी एकाच समाजात सुखाने नांदू शकतात. नव्हे, पहिली गोष्ट दुसरीवर पांघरूण घालते. समतेची खरी कसोटी असामान्यांच्या गौरवात नसते. मध्यम बुद्धीच्या, मध्यम कुवतीच्या पुरुषाला जे पद सहज मिळते ते तशाच स्त्रीला मिळते की नाही, यात ती असते.

पौरोहित्य हा एक व्यवसाय आहे, ही गोष्ट मान्य करण्यात धर्माचा अपमान होत नाही. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९३६ मध्ये ‘जातिनिर्मूलन’ या निबंधात नेमके हेच सांगितले होते. वंशपरंपरागत पौरोहित्य बंद करावे, ते सर्वांना खुले असावे, परीक्षा उत्तीर्ण होऊन सनद मिळाल्यावाचून कोणालाही पौरोहित्य करता येऊ नये, अशी त्यांची सूचना होती. डॉक्टरला व वकिलाला पात्रता सिद्ध करावी लागते, मग पुरोहितालाच केवळ जन्म का पुरावा, हा त्यामागील विचार. श्रमविभागणीच्या नावाखाली श्रमिकांचीच विभागणी होते, हेही त्यांनी त्याच निबंधात दाखवून दिले. त्यांचे विवेचन जातीसंबंधी असले तरी स्त्री-पुरुषभेदाला ते तंतोतंत लागू पडते. सत्तरच्या दशकापासून पुण्यात शंकरराव थत्ते यांनी स्त्रियांना पौरोहित्याचे शिक्षण देण्यास सुरुवात केली. पुढे ज्ञान प्रबोधिनीने हे काम वाढविले. आज पुण्यात स्त्रियांनी लग्न वा मुंज लावणे कोणाला धक्कादायक वाटत नाही. पात्रता शिक्षणाने येते हे एकदा मान्य झाले की जन्माचा आणि लिंगाचा दाखला मागण्याचे कारण उरत नाही.

नागपूर आणि यवतमाळ

२९ नोव्हेंबर १९७० रोजी नागपूर येथे प्रेस्बिटेरियन, काँग्रिगेशनल, अँग्लिकन आदी परंपरांतील चर्चे एकत्र येऊन ‘चर्च ऑफ नॉर्थ इंडिया’ स्थापन झाले. विल्सन आणि हिस्लॉप यांच्या परंपरेतील मंडळ्या आज या एकत्रित चर्चमध्ये आहेत. या चर्चनेही पुढे स्त्रियांना दीक्षेचा मार्ग मोकळा केला. २०१३ मध्ये दक्षिणेतील भगिनी चर्चने ई. पुष्पललिता यांना नंद्याळच्या बिशप नेमले आणि २०२४ मध्ये व्हायोलेट नायक या ओडिशातील फुलबाणीच्या, म्हणजे उत्तरेकडील चर्चच्या पहिल्या स्त्री बिशप झाल्या.

यवतमाळ जिल्ह्यात मुख्यतः काम केले ते अमेरिकेतून आलेल्या फ्री मेथडिस्ट मिशनने. उमरीचे इस्पितळ हे त्याच मिशनचे काम. या पंथाचे संस्थापक बी. टी. रॉबर्ट्‌स यांनी स्त्रियांच्या दीक्षेच्या बाजूने १८९१ मध्ये एक स्वतंत्र ग्रंथच लिहिला होता. तरीही त्यांच्या पंथाच्या परिषदेने त्यांच्या हयातीत हे मत स्वीकारले नाही. स्त्रियांना पूर्ण दीक्षा मिळण्यास १९७४ उजाडावे लागले. संस्थापकाचे मत अनुकूल असूनही संस्थेला त्र्याऐंशी वर्षे लागतात, यावरून सदिच्छेची मर्यादा स्पष्ट होते. थोर पुरुषांची सहानुभूती ही उपयुक्त गोष्ट आहे; परंतु ज्यांना अधिकार हवा त्यांनी स्वतः तो मागितल्यावाचून संस्था हलत नाहीत.

सातबाऱ्यावरचे नाव

कळंबच्या शेतात राबणाऱ्या स्त्रीला मेरी लेव्हिसन यांचे नाव ठाऊक असण्याचे कारण नाही. परंतु दोघींच्या प्रश्नाचे स्वरूप एकच आहे. दोघींचे काम मान्य आहे, दोघींच्या कामावाचून संस्थेचे चालत नाही, आणि दोघींनाही त्या कामाचा शेवटचा, शिक्कामोर्तब करणारा अधिकार नाकारण्यात आलेला आहे. ‘घरची लक्ष्मी’ हा शब्द आणि ‘सेविका’ हा शब्द, दोन्ही आदराचे आहेत. दोन्हींचा उपयोग मात्र मालकाच्या आणि पाळकाच्या जागी तिला न बसविण्यासाठी झाला.

महाराष्ट्रात या प्रश्नाला हात घातला गेला नाही असे नाही. नोव्हेंबर १९८६ मध्ये चांदवड येथे शेतकरी संघटनेचे महिला अधिवेशन भरले. त्यानंतर शरद जोशी यांनी ‘लक्ष्मीमुक्ती’चा कार्यक्रम हाती घेऊन शेतकऱ्यांनी आपल्या जमिनीचा काही हिस्सा स्वखुशीने पत्नीच्या नावे करावा, असे आवाहन केले. अनेक गावांनी त्याला प्रतिसाद दिला. १९९४ मध्ये महाराष्ट्राने आणि २००५ मध्ये केंद्राने कायद्यात दुरुस्ती करून मुलींना वडिलोपार्जित मालमत्तेत मुलांच्या बरोबरीचा हक्क दिला. पंचायत राज्यसंस्थांत २०११ पासून महाराष्ट्रात निम्म्या जागा स्त्रियांसाठी राखीव आहेत. म्हणजे कायद्याचे दार उघडलेले आहे.

उघड्या दारातून आत जाणे हे वेगळे काम आहे. बहिणींनी हक्कसोडपत्रावर सह्या करण्याची रीत अद्याप मोडलेली नाही. स्त्री सरपंच निवडून येते आणि कारभार तिचा पती पाहतो, हे दृश्यही दुर्मिळ नाही. एडिंबरोतील अनुभवही असाच बोलका आहे. १९६८ चा ठराव झाल्यावर अध्यक्षपदापर्यंत पोहोचण्यास छत्तीस वर्षे लागली. कायदा हा प्रवासाचा शेवट नसून परवाना आहे, हे दोन्हीकडे सारखेच खरे ठरते.

मेरी लस्क यांच्या अर्जापासून घेण्यासारखा धडा त्यांच्या युक्तिवादाच्या पद्धतीत आहे. त्यांनी दया मागितली नाही आणि कोणाच्या उपकाराची वाटही पाहिली नाही. संस्थेने स्वतः मान्य केलेल्या गोष्टींची त्यांनी लेखी यादी तिच्यापुढे ठेवली आणि तीवरून निघणारा निष्कर्ष मान्य करा, एवढेच म्हटले. गावोगावच्या शिक्षकाला, तलाठी कार्यालयातील कारकुनाला आणि महाविद्यालयात शिकणाऱ्या मुलीला ही पद्धत आत्मसात करता येण्यासारखी आहे. वारसाची नोंद होताना पत्नीचे आणि मुलींचे नाव राहून तर जात नाही ना, हे पाहणे कारकुनाच्या हाती आहे. हक्कसोडपत्राचा अर्थ सही करण्यापूर्वी समजावून सांगणे शिक्षकाच्या हाती आहे. घरातील जमिनीचा उतारा एकदा स्वतः वाचून पाहणे त्या मुलीच्या हाती आहे. यासाठी नवा कायदा लागत नाही आणि मोर्चाही लागत नाही.

समाजाने स्त्रीच्या श्रमांची स्तुती आजवर भरपूर केली आहे. वेचणीच्या हंगामात तिच्या हातांचे कौतुक करणारा समाज नोंदवहीत तिचे नाव घालताना अडखळतो, तोवर त्या स्तुतीचे मोल शून्य आहे.